गृहकर्जाचा खरा भार : हप्त्यापलीकडचा हिशोब

रक्तदाबाचा रुग्ण प्रथमच तपासणीस आला की त्याची झोप, आहार, व्यसने आणि घराण्यातील आजार यांची चौकशी आम्ही डॉक्टर मंडळी करतो. गेली काही वर्षे मी या चौकशीत आणखी एक प्रश्न घालतो : ‘कर्ज आहे का? किती आहे?’ या प्रश्नाचे उत्तर बहुतेक वेळा ‘अठरा हजार’, ‘बारा हजार’ असे मिळते. हा आकडा कर्जाचा नसतो, मासिक हप्त्याचा असतो. मुद्दल किती शिल्लक आहे, व्याजाचा दर आज किती आहे आणि शेवटचा हप्ता कोणत्या वर्षी संपणार आहे, हे फार थोड्यांना सांगता येते. आपल्या रक्तातील साखरेचा आकडा तोंडपाठ असणारा गृहस्थही येथे गप्प होतो.

आरोग्याच्या पाक्षिकात गृहकर्जाचा विषय कशासाठी, असे वाचकांना वाटेल. चितेगावसारख्या औद्योगिक गावात दवाखाना चालवताना या दोन विषयांमधली भिंत फार पातळ असल्याचे जाणवते. रक्तदाबाची गोळी दिवसाआड घेणारा, हर्नियाचे ऑपरेशन ‘पुढच्या वर्षी बघू’ म्हणून पुढे ढकलणारा, महिन्यातील बहुतेक रात्री जादा पाळीत काढणारा माणूस बेफिकीर असतोच असे नाही. त्याने आपल्या मिळकतीचा हिशोब मांडलेला असतो आणि त्या हिशोबात औषधाचा क्रमांक हप्त्याच्या खाली लागलेला असतो. म्हणून घर घेणाऱ्या, घेतलेल्या आणि घेऊ इच्छिणाऱ्या कुटुंबांसाठी हा हिशोब येथे सविस्तर मांडतो आहे.

हप्त्याच्या पोटात काय असते

समजा, एका कुटुंबाने २० लाख रुपयांचे गृहकर्ज वार्षिक ९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले. त्याचा मासिक हप्ता १७,९९५ रुपये येतो. पहिल्या महिन्यात २० लाखांवरील व्याजच १५,००० रुपये होते. म्हणजे त्या हप्त्यातून मुद्दल फिटते ते अवघे २,९९५ रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज किंचित घटते, मुद्दलाचा वाटा किंचित वाढतो आणि हा क्रम असाच पुढे सरकत राहतो.

पहिल्या वर्षभरात हे कुटुंब सुमारे २ लाख १६ हजार रुपये भरते आणि कर्ज कमी होते केवळ ३७ हजारांनी. पाच वर्षांत जवळजवळ १० लाख ८० हजार रुपये भरून झाल्यावर शिल्लक कर्ज १७ लाख ७४ हजार असते. दहा वर्षांनी, म्हणजे मुदत निम्मी संपल्यावर, मूळ कर्जाचे ७१ टक्के अजून डोक्यावर असतात. निम्मे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात. वीस वर्षांच्या अखेरीस एकूण भरणा होतो ४३ लाख १९ हजार. २० लाखांच्या कर्जावर २३ लाख १९ हजार रुपये व्याज जाते.

यात बँकेची लबाडी नाही. शिल्लक रकमेवर व्याज आकारण्याच्या पद्धतीचा तो सरळ परिणाम आहे. मात्र ज्याला ही रचना ठाऊक नसते, तो आठ-दहा वर्षांनी बँकेतून शिल्लक रकमेचा उतारा आणतो आणि हादरून जातो. ‘इतकी वर्षे भरले ते गेले कुठे?’ हा प्रश्न मी माझ्या टेबलासमोर अनेकदा ऐकला आहे. उत्तर असे, की सुरुवातीच्या वर्षांत आपण प्रामुख्याने व्याज फेडत असतो. घराची मालकी त्या काळात फार मंद गतीने आपल्याकडे येते.

मुदतीचा मोह

हप्ता जड वाटला की मुदत वाढवून घेण्याचा सल्ला चटकन मिळतो. २० लाख रुपये आणि ९ टक्के दर तोच ठेवून निरनिराळ्या मुदतींचे आकडे शेजारी शेजारी ठेवून पाहू.

१० वर्षे : हप्ता २५,३३५ रुपये, एकूण व्याज सुमारे १० लाख ४० हजार
१५ वर्षे : हप्ता २०,२८५ रुपये, एकूण व्याज सुमारे १६ लाख ५१ हजार
२० वर्षे : हप्ता १७,९९५ रुपये, एकूण व्याज सुमारे २३ लाख १९ हजार
२५ वर्षे : हप्ता १६,७८४ रुपये, एकूण व्याज सुमारे ३० लाख ३५ हजार
३० वर्षे : हप्ता १६,०९२ रुपये, एकूण व्याज सुमारे ३७ लाख ९३ हजार

वीसऐवजी तीस वर्षे घेतली तर हप्ता महिना १,९०० रुपयांनी हलका होतो आणि व्याजाचा बोजा पावणेपंधरा लाखांनी वाढतो. उलट, वीसऐवजी पंधरा वर्षे निवडली तर महिन्याला सुमारे २,३०० रुपये जास्त जातात आणि ६ लाख ६७ हजारांचे व्याज वाचते.

डॉक्टर म्हणून मला येथे वयाचा हिशोबही मांडावासा वाटतो. पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांचे कर्ज घेणारा माणूस पासष्टाव्या वर्षी मोकळा होतो. कारखान्यातील नोकरी बहुधा त्याच्या कितीतरी आधी संपलेली असते. रक्तदाब आणि मधुमेह आपल्याकडे चाळिशीत, कित्येकदा त्याही आधी, घरात शिरतात. पन्नाशीत गुडघे, डोळे आणि हृदय आपापली मागणी मांडू लागतात. मुलांचे महाविद्यालयीन शिक्षण आणि आई-वडिलांचे आजारपण याच काळात येते. कर्जाची मुदत ठरवताना शेवटच्या हप्त्याच्या दिवशी आपले वय काय असेल, हे कागदावर लिहून पाहावे. हप्त्याच्या आकड्याइतकाच हा आकडाही महत्त्वाचा आहे.

दर वाढतो तेव्हा

बहुतेक गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाह्य निकषाशी जोडावीत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. त्यामुळे रेपो दर हलला की आपले कर्जही हलते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या नऊ-दहा महिन्यांत रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला. २०२५ मध्ये तो पुन्हा उतरणीला लागला. हे चढउतार वीस वर्षांत अनेकदा होणार, हे गृहीत धरूनच चालावे.

त्या वाढीचा परिणाम कसा झाला, ते एका उदाहरणाने पाहू. २०२१ मध्ये पावणेसात टक्के दराने २० लाख रुपये वीस वर्षांसाठी घेतले, तर हप्ता १५,२०७ रुपये होता. वर्षभराने शिल्लक राहिली सुमारे १९ लाख ५१ हजार. पुढे दर अडीच टक्क्यांनी वाढून सव्वानऊ झाला. हिशोब सोपा व्हावा म्हणून ही वाढ एकदम झाली असे धरू. आता शिल्लक रकमेवरचे मासिक व्याजच १५,०३९ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर महिन्याला मुद्दल फिटते केवळ १६८ रुपये, आणि कागदावर हे कर्ज संपायला सुमारे ४९ वर्षे लागतील!

त्या काळात अनेक कर्जदारांचा हप्ता तोच राहिला आणि मुदत मात्र वाढत गेली. दरमहा खात्यातून तेवढीच रक्कम जात असल्यामुळे घरात कोणाच्या काही लक्षात आले नाही. लक्षणे न दाखवता वाढणारा रक्तदाब आणि ही वाढती मुदत यांचे वागणे सारखेच आहे.

यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये स्पष्ट सूचना काढल्या. दर बदलल्यास हप्ता वाढवावा, मुदत वाढवावी की दोन्ही थोडे थोडे करावे, याची निवड कर्जदाराला दिली पाहिजे. धोरणानुसार स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्यावा, असेही त्या वेळी सांगितले होते. दर तिमाहीस आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक व्याजदर दाखवणारे विवरण दिले पाहिजे. हप्ता व्याजालाही पुरत नाही आणि कर्ज उलट वाढत जाते, अशी वेळ मुदत लांबवल्याने येऊ नये, हेही त्यात आहे. हे विवरण मागून घेणे आपला हक्क आहे. दर सहा महिन्यांनी साखर तपासतो, तसे ते वाचावे.

वीस वर्षांचे कर्ज आणि कारखान्याचे आयुष्य

पैठण रस्त्यावरचे चितेगाव एके काळी राज्यभर ओळखले जाई ते व्हिडिओकॉनच्या कारखान्यामुळे. २०१८ मध्ये त्या कंपनीवर दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू झाली. कधी काळी येथील नोकरी म्हणजे जन्माची भाकरी, असे मानले जात होते. आज पलीकडे बिडकीनला नव्या औद्योगिक वसाहतीची आखणी झाली आहे, मोठ्या प्रकल्पांचे करार झाले आहेत आणि रस्त्याच्या दोन्ही बाजूंना प्लॉटचे फलक लागले आहेत. उद्योग येतील, रोजगार येईल, ही आशा रास्त आहे. परंतु एका गोष्टीचा विसर पडू नये. कारखान्याचे भवितव्य बाजार ठरवतो, तर कर्जाची मुदत आपण सही करून आधीच ठरवलेली असते. कारखाना बंद पडला म्हणून हप्ता थांबत नाही.

शिवाय आताच्या नोकऱ्यांचे स्वरूपही बदलले आहे. ‘सुरुवातीला हप्ता जड वाटेल, पगार वाढला की हलका होईल’ हे वडीलधाऱ्यांचे सांगणे कायमस्वरूपी नोकरीच्या काळात खरे होते. कंत्राटी कामगाराचा पगार त्या गतीने वाढत नाही आणि दर काही महिन्यांनी कंत्राटच बदलते. अशा कुटुंबाने हप्ता ठरवताना ओव्हरटाइमची रक्कम मिळकतीत मुळीच धरू नये. ओव्हरटाइमला दुप्पट दर मिळतो खरा, पण तो आज आहे आणि उद्या नाही. हप्ता कायमचा असेल, तर त्याला आधारही कायम मिळकतीचाच हवा.

गुंठेवारी आणि महाग कर्ज

आपल्या भागात आणखी एक अडचण आहे. शहरालगतची अनेक घरे गुंठेवारीच्या जागेवर उभी आहेत. अशा वसाहती नियमित करण्यासाठी राज्याने २००१ मध्ये कायदा केला आणि २०२१ मधील दुरुस्तीने ३१ डिसेंबर २०२० पर्यंतच्या बांधकामांना त्याचा लाभ दिला. जागा नियमित झालेली नसेल, अकृषिक परवाना नसेल, तर राष्ट्रीयीकृत बँका सहसा कर्ज देत नाहीत. मग माणूस खासगी वित्त कंपनीकडे, पतसंस्थेकडे किंवा सावकाराकडे वळतो.

या वाटेची किंमत पाहा. १० लाख रुपये ९ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता ८,९९७ रुपये आणि एकूण परतफेड २१ लाख ५९ हजार. तेच कर्ज १४ टक्क्यांनी घेतले तर हप्ता १२,४३५ रुपये आणि परतफेड २९ लाख ८४ हजार. कागदपत्रांतील एका उणिवेची किंमत सव्वाआठ लाख रुपये झाली.

‘सरळ’ व्याजाचे आकडेही फसवे असतात. ५ लाख रुपये, १० टक्के सरळ व्याज, दहा वर्षे, असे ऐकायला बरे वाटते. पण त्यात मूळ रकमेवर शेवटपर्यंत व्याज लागते, मधल्या काळात फेडलेल्या मुद्दलाची सूट मिळत नाही. बँकेच्या पद्धतीने पाहिल्यास हा दर जवळजवळ १६ टक्के पडतो. म्हणून दर विचारताना ‘घटत्या शिल्लकेवर किती?’ एवढा एक शब्दप्रयोग लक्षात ठेवावा.

१ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांसाठी बँका आणि वित्त कंपन्यांनी ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ नावाचे पत्रक कर्जदाराला त्याला समजेल अशा भाषेत देणे बंधनकारक आहे. व्याज, प्रक्रिया शुल्क आणि इतर आकार मिळून कर्ज प्रत्यक्षात वर्षाला किती टक्क्यांना पडते, हे त्यात दिलेले असते. दोन बँकांची तुलना करायची असेल तर जाहिरातीतील दर सोडून या पत्रकातील दर शेजारी शेजारी ठेवावेत.

शरीर भरते तो हप्ता

कर्जाच्या उताऱ्यात न दिसणारा एक खर्च माझ्या व्यवसायात रोज दिसतो. हप्ता जड झाला की कुटुंब आधी हौस कमी करते, मग फळे-दूध आणि त्यानंतर औषधे. रक्तदाबाच्या गोळ्यांचा महिन्याचा खर्च काही शे रुपयांचा असतो. तो वाचवून हप्त्याला हातभार लागतो, असे त्या घटकेला वाटते. पण अनियंत्रित रक्तदाब वर्षानुवर्षे मूत्रपिंडे, मेंदू आणि हृदय यांच्या रक्तवाहिन्या झिजवत असतो. अर्धांगवायूचा एक झटका आला तर उपचारांचा खर्च होतोच, शिवाय कमावता माणूस महिनोन् महिने घरी बसतो. वाचवलेल्या गोळीचे हे व्याज कोणत्याही सावकारापेक्षा जबर असते.

दुसरा खर्च झोपेचा. जादा पैशांसाठी सतत रात्रपाळी करणाऱ्याला दिवसा पत्र्याच्या किंवा स्लॅबच्या तापलेल्या खोलीत सलग झोप मिळत नाही. अपुऱ्या झोपेने रक्तदाब आणि साखर बिघडते, आम्लपित्त वाढते, चिडचिड होते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने रात्रपाळीच्या कामाची नोंद ‘संभाव्य कर्करोगकारक’ गटात केली आहे. रात्रपाळी टाळता येत नाही, हे मला मान्य आहे. पण हप्त्याचा आकडाच असा ठरवला, की रात्रपाळीवाचून तो भरताच येणार नाही, तर पुढील वीस वर्षांच्या झोपेचा सौदा आपण एका सहीने करून टाकतो.

तिसरा खर्च मनाचा. छातीत धडधड, पोटात गोळा, पहाटे तीनला जाग येणे, दारूचे प्रमाण वाढणे, घरात अबोला, या तक्रारींच्या तळाशी अनेकदा थकलेला हप्ता असतो. पुरुष तो पत्नीला सांगत नाही. पत्नीला मात्र त्याच्या वागण्यातून सारे कळलेले असते आणि तिची डोकेदुखी माझ्याकडे वेगळी येते. दोघांची औषधे मी वेगवेगळी लिहून देतो. हिशोब मात्र दोघांनी एकत्र बसूनच करायला हवा.

आजारपण आणि हप्ता

आता उलट बाजूने पाहू. महिन्याला २० हजार रुपये वेतन असलेला कामगार राज्य कामगार विमा योजनेत येतो. २०१७ पासून दरमहा २१ हजार रुपयांपर्यंतचे वेतन असणाऱ्यांना ती लागू आहे. तो आजारी पडून रजेवर गेला, तर पात्रतेच्या अटी पूर्ण असल्यास त्याला सरासरी वेतनाच्या ७० टक्के आजारपण-भत्ता वर्षातून जास्तीत जास्त ९१ दिवस मिळतो. म्हणजे साधारण १४ हजार रुपये. १० लाखांच्या कर्जाचा ८,९९७ रुपयांचा हप्ता त्यातून वजा केला तर घरखर्चाला उरतात ५,००३ रुपये. कंत्राट बदलताना वर्गणीचे ७८ दिवस भरले नसतील, तर हा भत्ताही मिळत नाही.

म्हणून किमान सहा हप्ते आणि सहा महिन्यांचा घरखर्च एवढी रक्कम बाजूला असल्याखेरीज गृहकर्ज घेऊ नये, असे मी सांगतो. घराच्या पहिल्या भरण्यात सारी शिल्लक, पत्नीचे दागिने आणि भविष्य निर्वाह निधी ओतून रिकाम्या हाताने गृहप्रवेश करणारी कुटुंबे पहिल्याच आजारपणात कोलमडतात. बँक घराच्या किमतीचा ठरावीक हिस्साच देते. ३० लाखांपर्यंतच्या कर्जास ही मर्यादा किमतीच्या ९० टक्के आहे. मुद्रांक शुल्क, नोंदणी फी, वकील, वीजजोडणी, पाण्याची सोय, फर्निचर हे सारे त्याबाहेरचे असते. ‘घर पाहावे बांधून’ म्हणणाऱ्यांना हा अनुभव पुरेपूर होता.

विम्याचे दोन प्रकार येथे वेगळे ओळखावेत. कर्जदाराच्या मृत्यूनंतर कर्ज फिटावे यासाठी मुदतीचा साधा आयुर्विमा हवाच. मात्र कर्ज देताना जोडून दिलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता कित्येकदा कर्जातच मिळवला जातो. ६० हजारांचा असा हप्ता ९ टक्क्यांनी वीस वर्षे फेडताना १ लाख २९ हजारांना पडतो. तो विमा त्याच बँकेकडून घेण्याची सक्ती नसते. बाहेर चौकशी करून स्वतंत्र पॉलिसी घेता येते. दुसरा विमा आरोग्याचा. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेचे संरक्षण आता राज्यातील कुटुंबांना वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंत आहे. शिधापत्रिका व आधार यांतील नावे जुळत असल्याची खात्री आजार येण्यापूर्वीच करून घ्यावी. अतिदक्षता विभागाच्या दारात कागद शोधण्यासारखी दुसरी यातना नाही.

मग घर घेऊच नये काय?

असा अर्थ कोणी काढू नये. चांगले घर हेही एक औषध आहे. कोरड्या भिंती, हवेशीर खोली, स्वतंत्र स्वयंपाकघर, घरातले शौचालय यांनी क्षय, दमा आणि जुलाब यांना अटकाव होतो. दर अकरा महिन्यांनी घर बदलावे लागत नाही, तेव्हा मुलांची शाळा टिकते आणि म्हाताऱ्यांची औषधेही नियमित राहतात. शिवाय एकूण व्याजाचा आकडा पाहताना दोन गोष्टी वजा कराव्या लागतात. घरभाडे वाचते, आणि वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा मोलाचा नसतो. जुन्या करपद्धतीत राहणाऱ्यांना राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या पद्धतीत ती मिळत नाही. सप्टेंबर २०२४ पासूनच्या शहरी पंतप्रधान आवास योजनेत पात्र कुटुंबांना व्याजावर एकूण १ लाख ८० हजारांपर्यंत अनुदानही आहे. पत्नीच्या नावे खरेदी केल्यास महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत मिळते, आणि घर तिच्या नावे असण्याचे मोल त्या एका टक्क्याहून कितीतरी जास्त आहे.

मीठ जेवणाला लागतेच. मात्रा चुकली की तेच रक्तदाब वाढवते. कर्जाचेही तसेच समजावे.

कुटुंबाने पाळायची पथ्ये

१. ओव्हरटाइम वगळून हाती येणाऱ्या मासिक मिळकतीच्या एक-तृतीयांशापेक्षा सर्व कर्जांचे हप्ते मिळून जास्त होऊ देऊ नयेत. मोटारसायकल आणि मोबाइलचे हप्तेही यात धरावेत.

२. सही करण्यापूर्वी तीन महिने ठरलेल्या हप्त्याएवढी रक्कम दरमहा वेगळ्या खात्यात टाकून पाहावी. त्यात औषधे, शाळा आणि किराणा नीट निभावले तर हप्ता झेपेल. नाही निभावले, तर कर्जाची रक्कम कमी करावी.

३. दिवाळीच्या बोनसातून वर्षाला एक जादा हप्ता मुद्दलात भरावा. २० लाखांच्या आपल्या उदाहरणात हा नेम पहिल्या वर्षापासून पाळला, तर कर्ज वीसऐवजी सुमारे साडेसोळा वर्षांत संपते आणि साडेचार लाखांहून अधिक व्याज वाचते. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना घेता येत नाही. रक्कम भरताना ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करा’ असे लेखी द्यावे.

४. दर घटला की हप्ता कमी करून घेण्याची घाई करू नये. हप्ता तसाच ठेवल्यास मुदत आपोआप आक्रसते.

५. औषधांचे पैसे हप्त्याच्या आधी काढून ठेवावेत. महाग वाटली तर डॉक्टरांना तसे सांगावे. जनऔषधी केंद्रांत अनेक औषधे स्वस्त मिळतात, आणि रक्तदाब-मधुमेहाच्या गोळ्या सरकारी आरोग्य केंद्रांतही मिळतात.

६. कर्जाची सारी कागदपत्रे, विमा पॉलिसी आणि शिल्लक रकमेचा ताजा उतारा एका पिशवीत ठेवावा आणि ती पिशवी कोठे आहे हे पत्नीला किंवा पतीला माहीत असावे. कर्ज फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे.

हप्ता थकला तर

हृदयविकाराच्या झटक्यात पहिला तास मोलाचा असतो, तसे थकलेल्या कर्जात पहिले तीन महिने मोलाचे असतात. हप्ता ९० दिवसांहून अधिक काळ थकला की खाते अनुत्पादक ठरते. त्यानंतर २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची मागणी-नोटीस येऊ शकते, आणि पुढे घराचा ताबा जाण्यापर्यंत गोष्ट पोहोचते. म्हणून पहिला हप्ता चुकण्याची चिन्हे दिसताच बँकेच्या शाखेत स्वतः जावे, आजारपणाचे किंवा नोकरी गेल्याचे कागद द्यावेत आणि पुनर्रचनेचा अर्ज लेखी करावा, पोच घ्यावी. हप्ता भरण्यासाठी सावकाराचे किंवा मोबाइल ॲपचे कर्ज काढू नये. तो जखमेवर मीठ चोळण्याचा प्रकार होतो. वसुलीसाठी सकाळी ८ पूर्वी किंवा सायंकाळी ७ नंतर फोन करण्यास रिझर्व्ह बँकेने मनाई केली आहे. बँकेविषयीच्या तक्रारीचे लेखी निवारण झाले नाही तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे दाद मागता येते. त्याची माहिती १४४४८ या क्रमांकावर मिळते.

कर्जामुळे झोप उडाली असेल, जगणे नकोसे वाटत असेल, तर ते लपवू नये. ‘टेलिमानस’ या सरकारी सेवेच्या १४४१६ या क्रमांकावर कोणत्याही वेळी, मराठीतही, मोफत बोलता येते. जवळच्या डॉक्टरकडे जाऊन ‘मला कर्जाची चिंता आहे’ एवढेच सांगितले तरी पुरे. आमच्या दृष्टीने ती तापाइतकीच नोंद घेण्यासारखी तक्रार आहे. बुडालेली रक्कम पुन्हा उभी करता येते, घरही पुन्हा घेता येते. माणूस गेला तर ते घर कोणासाठी?

हा अंक हाती आहे तोवर एक काम करावे. घरातील गृहकर्जाचा शेवटचा उतारा काढावा आणि वहीच्या एका पानावर चार ओळी लिहाव्यात : आजची शिल्लक, आजचा दर, उरलेले हप्ते, आणि शेवटच्या हप्त्याला कर्जदाराचे वय. या चारांपैकी एखादी ओळ कोरी राहिली, तर येत्या आठवड्यात बँकेत जाऊन ती भरून आणावी. आणि पुढच्या वेळी डॉक्टरांकडे जाताना फाइलसोबत ते पानही न्यावे.